गुलब्याला आवतण

डोंगरातल्या टाक्याचं पाणी पाजलं की जनावर बोलतं, हे आमच्याकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. पण किती पाजायचं, आणि एक बोललं तर दुसरं मुकं का राहतं, हे कुणालाच ठाऊक नाही. त्यासाठीच डिंगोरे गावाच्या वरच्या अंगाला आमची प्रयोगशाळा. मी मंगल, तिथं प्रयोग घेते. लोक म्हणतात, बाई तोंडानं फटकळ आहे. असेन. एक दिवस बोलक्या शेळीबरोबर काढून दाखवा, मग मला नावं ठेवा.

त्या शेळीला पहिल्याच महिन्यात वाचा फुटली आणि तेव्हापासून ती फक्त तक्रारी करते. कोंबडी स्वतःच्या अंड्याचं कौतुक सांगून कान किटवते. बिबट्याला पाणी पाजायचं नाही, असा गावानं ठरावच केलाय. आधीच त्यानं लई छळलंय, वर त्याचं ऐकून कोण घेणार, असं गावाचं म्हणणं. राहता राहिला गुलब्या, शिनोलीहून आणलेला तांबूस बैल. गरीब जनावर. दोन वर्षं पाणी पीत होता आणि तोंडातून चकार शब्द नाही.

आम्ही काय कमी केलं? पाण्याचा अर्क काढायचं काम तालिबकडं. तो जुन्नरचा, त्यांच्या घरचा धंदा अत्तराचा. त्यानं अर्कात मध घालून बघितला, गूळ घालून बघितला. मी रोज बैलापुढं उभी राहून "बोल गुलब्या, बोल" म्हणत घसा कोरडा केला. सगळं पालथ्या घड्यावर पाणी.

आणि आमच्याकडं नियम आहे. जे जनावर बोलत नाही, त्याचा गळा उघडून आत काय अडलंय ते बघायचं. जे बोलतं, त्याला विचारल्याशिवाय हात लावायचा नाही. गळा उघडलेलं जनावर जगत नाही. म्हणजे गुलब्या नुसतं "हं" म्हणाला असता, तरी वाचला असता.

सोपान सर आमचे प्रमुख, बाहेरून आलेले. त्यांनी गळा उघडायचा दिवस ठरवला तो नेमका पोळ्याचा.

"अहो सर, पोळ्याला बैलाच्या मानेला सुरी लावता? जनाची नाही तर मनाची तरी!"

"मंगलताई, त्या दिवशी इथं गडबड नसते. सकाळीच उरकू."

हे भांडण आम्ही गोठ्यात केलं, गुलब्याच्या पुढ्यात. सुरी कुठली घ्यायची, कुठून चिरायचं, सगळं तिथंच ठरलं. बैलासमोर कसला आलाय संकोच!

पोळ्याच्या आदल्या दिवशी संध्याकाळी बैलाची खांदेमळणी करतात. वर्षभर जू ओढून दुखावलेला खांदा हळद-लोण्यानं चोळतात. गुलब्यानं आमच्याकडं कधी जू ओढलं नव्हतं, पण लहानपणापासूनची सवय, मला राहवेना. वाटी घेऊन गेले. तालिबही आला, तो दुसऱ्या बाजूनं चोळू लागला. माझ्या डोळ्यांतलं पाणी थांबत नव्हतं आणि राग तर असा आलेला की सोपान सर समोर असते तर ती वाटीच फेकून मारली असती. मळून झालं की बैलाच्या कानात जे म्हणायचं असतं, ते सवयीनं तोंडातून गेलं.

"आजचं आवतण घ्या, उद्या जेवायला या."

म्हणाले आणि जीभ चावली. उद्या ज्याला कापायचं, त्यालाच जेवायला बोलावलं!

"येतो," कुणीतरी म्हणालं. जाड, खरखरीत आवाज. मी तालिबकडं बघितलं, तालिबनं माझ्याकडं.

"येतो," गुलब्या म्हणाला. "पण सकाळी तर तुमी माझा गळा उघडणार. मंग जेवू कसा?"

तालिबच्या तोंडून "या अल्ला" एवढंच निघालं.

"मुडद्या!" मी ओरडले. "दोन वर्षं तोंडाला कुलूप लावून बसलास? सगळं कळत व्हतं, तर एक शब्द बोलायला काय झालं व्हतं?"

"तुमी नुसतं 'बोल बोल' म्हणायचा. काय बोलणार? आवतण आलं तर मात्र हो-न्हाई सांगावं लागतं."

मी त्याच्या गळ्यात पडून रडले. लाज कसली त्यात! साडी हळदीनं पिवळी झाली. "माझ्या घरी यायचं," म्हणाले, "आन् गळा शाबूत घेऊन यायचं."

सकाळी सोपान सर सुऱ्या घेऊन आले. आम्ही झालेलं सांगितलं, त्यांचा विश्वास बसेना. तरी नियमाप्रमाणं त्यांनी विचारलं, "गळा उघडायला तुझी हरकत आहे का?"

"हाय," गुलब्या म्हणाला. "आज मला जेवायला बोलावलंय."

सरांनी सुऱ्या परत गुंडाळल्या. तालिब एवढा हसला की त्याला ठसका लागला.

दुपारी गुलब्याला घरी नेलं. सासूबाईंनी, म्हणजे सारजाबाईंनी, त्याचे पाय धुतले, कुंकू लावलं, पुरणपोळी भरवली. "गोड झालीया," असं गुलब्या म्हणाला, तसा त्यांच्या हातातला तांब्याच निसटला. मग त्यांनी मला खोदून खोदून विचारलं, तेव्हा मी कालचं सगळं सांगितलं. गळ्याचं, सुरीचं, आणि तो सगळं कसं ऐकत होता तेही.

त्या उठल्या. मग ताटातली पोळी उचलून आमच्या म्हाताऱ्या बैलापाशी गेल्या. तो साधाच, टाक्याचं पाणी कधी न प्यायलेला. त्याच्या कपाळावर हात ठेवून हळूच म्हणाल्या, "म्हाताऱ्या, तुला बेल्ह्याच्या बाजारात इकायचं, हे तुझ्यापुढंच बोललो व्हतो आमी. आयकलंस व्हय रं?"

बैल त्यांच्याकडं बघत राहिला. सासूबाईंनी त्याला ती पोळी भरवली, आणि बेल्ह्याला जायचं नाही, असं सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं सांगितलं.