चिमणाबाईंचा सकर

“मावशी, हे कुजकं लाकूड कशाला ठेवलंय टाकीत? पाणी बघा, चहासारखं झालंय.” ज्योत्स्नाने कोपरापर्यंत हात घालून ओंडका काढला आणि जिन्याखाली नेऊन टाकला.

चिमणाबाई फरशी पुसत होत्या. टाकीतला सकर मासा दिवसभर त्या लाकडाखाली लपायचा, तेच खरवडून खायचा. सांगायला त्यांनी तोंड उघडलं आणि मिटलं. “काढा की,” त्या म्हणाल्या.

इंदिरानगरातल्या त्या लहान मुलांच्या दवाखान्यात अकरा वर्षं त्या झाडलोट करत होत्या आणि माशांची टाकीही त्याच सांभाळत होत्या. बोटाएवढा आणलेला सकर आता दीड वीत झाला होता. नुसत्या शेवाळावर त्याचं भागत नाही, हे त्यांनी बघून बघून ओळखलं होतं. रोज दवाखाना बंद करताना त्या काकडीचा तुकडा चमच्याला अडकवून तळाशी सोडायच्या.

मग गेल्या महिन्यात ज्योत्स्ना रिसेप्शनवर आली. तिनं मोबाईलवर व्हिडिओ बघून टाकीत निळे दिवे लावले, चार एंजल मासे आणले. डॉक्टर म्हणाले, “आता टाकी तूच बघ. मावशींचं वय झालं.” आपलं वय झाल्याचं चिमणाबाईंना तेव्हा कळलं.

“तुम्ही करता हे सगळं? किती छान!” मुलांच्या आया ज्योत्स्नाला म्हणायच्या. ती हसायची. ते हसणं चिमणाबाईंना घरी भाकरी थापतानाही दिसे.

काकडी त्या सवयीनं आणतच राहिल्या. टाकीपुढं बसून, मीठ लावून स्वतःच खायच्या. सकरचं पोट खपाटीला गेलेलं त्यांना दिसत होतं, डोळे खोल गेलेले दिसत होते. बघू दे आता हिला, असं मनात येई आणि बरं वाटे.

महिन्याभरानं एका एंजलच्या अंगावर पांढुरके चट्टे उठले. ज्योत्स्नानं जाळी घेतली. “हा सकरच चाटतो त्यांना, मावशी. सरांना विचारलंय. दुपारी गोदावरीत सोडून येते.”

सकरच्या परांचे काटे जाळीत अडकले. तो तडफडला, तशी तिनं जाळी वर ओढली.

“ओढू नका!” चिमणाबाईंनी जाळी पुन्हा पाण्यात दाबली आणि कात्रीनं एकेक धागा कापला. सकर सुटून कोपऱ्यात गेला. “नदीतला नाय तो. तिथं मरंल, नायतर तिथल्या माशांच्या जिवावर उठंल.”

“मग बाकीच्यांना मरू देऊ?”

“उपाशी हाय तो. पोट भरलं की कुणाच्या वाटंला जात नाय. काकडी लागती त्याला, लाकूड लागतं.”

“तुम्हाला माहीत होतं?”

“व्हय.”

“मग इतके दिवस बोलला का नाहीत?”

चिमणाबाईंच्या हातांवरून पाणी निथळत होतं. “तुमचं लय कौतुक चाललं व्हतं. मला बघवलं नाय.”

ज्योत्स्नानं जाळी खाली ठेवली. मग जिन्याखाली पडलेलं लाकूड तिनं धुऊन आणलं. चिमणाबाईंनी डबा उघडून काकडी तिच्या हातात दिली. “चमच्याला अडकवा. तरंगती नायतर.”

पाच दिवस सकरनं काकडीला तोंड लावलं नाही. सहाव्या दिवशी ज्योत्स्ना ओरडली, “मावशी, खाल्ली! माझ्या हातची खाल्ली!”

बाकांवरची मुलं टाकीकडे धावली. डॉक्टर केबिनबाहेर आले. “वा, वाचवलंस की त्याला!”

“सर, मी नाही, मावशींनी…” ती म्हणेपर्यंत ते आत गेलेही होते.

मासा जगला म्हणून चिमणाबाईंचा जीव भांड्यात पडला. पण तो तिच्या हातचं खात होता. छातीत पुन्हा तेच जळजळलं. त्यांनी फडकं पिळलं, हात पदराला पुसले आणि अकरा वर्षांत पहिल्यांदाच पेशंटच्या बाकावर जाऊन बसल्या.

“तुमचा कितवा नंबर?” शेजारच्या बाईनं विचारलं.

चिमणाबाई थोड्या सरकल्या आणि तिच्या लेकीला बसायला जागा करून दिली.