बंदुकीला जवसाचं तेल

बंदूक उघडेना. वरची खिटी अंगठ्यानं बाजूला सारली की नळी बिजागरीवर खाली वाकते आणि मागचं तोंड उघडं पडतं, इतकी साधी एकनळी बंदूक. संत्र्याची बाग लावली तेव्हा रानडुकरांसाठी घेतली होती. तेव्हापासून तिला माझ्या अंगठ्याची सवय. आता मात्र खिटी जागची हलेना. मी एक अंगठा लावला, मग दोन्ही लावले, मग शिव्या घातल्या. शिव्यांचाही काही उपयोग झाला नाही.

मला ती चालवायची नव्हती, देऊन टाकायची होती. पोलीस ठाण्यात जमा करून लायसन्स कायमचं बंद करायचं होतं, तेही दसऱ्याच्या आत. माझी मुलगी अश्विनी नागपूरला असते. तिनं फोनवर स्वच्छ सांगितलं होतं की घरात बंदूक आहे तोवर ती प्रणालीला घेऊन आमच्याकडे येणार नाही. प्रणाली म्हणजे माझी नात. लोधीखेड्याच्या अलीकडे आमचं गाव. नागपूर काही परदेश नाही, सकाळी बसलं तर माणूस जेवणाला पोचतो. पण कलाबाईच्या तेरवीनंतर त्या दोघींनी या घरात पाय ठेवला नव्हता. कलाबाई माझी बायको, दोन वर्षांपूर्वी भादव्यात गेली. तेरवीच्या गडबडीत प्रणालीनं पलंगाखालून बंदुकीची खोळ ओढून काढली, अश्विनीनं ते पाहिलं, आणि तिथून हे सुरू झालं.

पहिल्यांदा मला रागच आला. बंदूक रिकामी असते, काडतुसं कुलपात असतात, आणि मी काय बावळट आहे का, असं मी तिला ऐकवलं होतं. पण दोन वर्षं एकट्यानं जेवलं की माणसाच्या रागात दम राहत नाही. यंदा पोळ्याला मी एकटाच पुरणाची पोळी खात बसलो होतो, तीही शेजारून आलेली, आणि तेव्हाच ठरवलं की जाऊ दे ही बंदूक. नात येत असेल तर मी पलंगसुद्धा देऊन टाकीन.

एकदा तालुक्याला, सौंसरच्या ठाण्यात जाऊन आलो होतो. खोळ पाहून बसमध्ये लोक सरकून बसले, अख्खी सीट मला मिळाली. ठाण्यातल्या मुन्शीनं चहा दिला, पण बंदूक काही घेतली नाही. नळी रिकामी आहे हे उघडून दाखवा, मग जमा करतो, असं त्याचं म्हणणं. मी म्हटलं, रिकामीच आहे, मीच केली. तो म्हणाला, सगळे असंच सांगतात. त्याचं चुकलं नव्हतं. अडकलेल्या बंदुकीवर कोण विश्वास ठेवणार? आलो तसा परत आलो.

ती अडकली कशी, हे मला अंगणात बसून तिच्याकडे नीट पाहिलं तेव्हा समजलं. बिजागरीच्या फटीत, खिटीच्या खाली, घोड्याच्या भोवती मधाच्या रंगाचा थर बसला होता. नखानं टोकरला तर नखच दुमडलं. ते जवसाचं तेल होतं.

आमच्याकडे दसऱ्याला घरातली सगळी हत्यारं पाटावर मांडतात. विळा, कुऱ्हाड, पान्हे, फवारणीचा पंप, आणि त्यांच्यामधे बंदूक. कलाबाई सगळ्यांना हळदकुंकू वाहायची, आणि बंदुकीला तेवढं वाटीत बोट बुडवून जवसाचं तेल लावायची. घरच्या जवसाचं, घाणीवरून काढून आणलेलं. लोखंड गंजू नये म्हणून, असं ती म्हणे. मी आठवड्याभरात ते पुसून टाकायचो, नळीतून गज फिरवायचो, एखादा बार हवेत काढायचो, आणि बंदूक पुन्हा कामाला लागायची. संध्याकाळी कोणी ना कोणी बोलवायला यायचंच की भैय्याजी, डुकरं आली, चला. मी निघायचो, बार काढायचो, डुकरं पळायची, आणि सगळी मंडळी आमच्याच ओसरीवर चहाला बसायची. आता ज्याच्या त्याच्या कुंपणाला झटका मशीन आहे. डुकरं तारेला शिवली की पळतात. मला कोणी बोलवत नाही.

ती गेल्यावर पूजा मी केली, दोन्ही दसऱ्यांना. हळद किती, कुंकू किती, मला कुठं ठाऊक. तेलाचं तर विचारूच नका. मी बोट बुडवलं नाही, वाटीच उपडी केली. खिटीवर ओतलं, बिजागरीवर ओतलं, घोड्यावर ओतलं. वाटलं, तिची आठवण म्हणून जरा जास्तच असू दे. ओतत राहिलो, कारण मागून कोणी पुरे म्हणालं नाही. ती असती तर म्हणाली असती, आणि वर माझ्या हातातून वाटीही घेतली असती. मग मी ती बंदूक तशीच ओली खोळीत घातली आणि पलंगाखाली सरकवली. पुसायची होती हे मला आठवलंही नाही. एरवी आठवड्याभरात पुसायचो, पण त्या दोन्ही वर्षी त्या आठवड्यांत मी कुठं होतो ते मलाच माहीत नाही.

मी पहिल्यांदा रॉकेल शोधलं. राशनच्या दुकानात आता ते मिळत नाही, आणि कोणाच्या घरीही नाही. मग उकळतं पाणी घातलं. थर पांढुरका झाला आणि वाळून पुन्हा होता तसा. मोटरसायकलमधलं थोडं पेट्रोल काढून लावलं, तर वरवरचं तेवढं निघालं आणि मला डोकेदुखी लागली. चाकू घेणार होतो, पण लोखंडावर ओरखडा पडला तर मुन्शीला काय, मलाच वाईट वाटलं असतं. द्यायची ती धडधाकट द्यायची.

दुसऱ्या दिवशी सौंसरला गजाननच्या हार्डवेअरच्या दुकानात गेलो. तिथं सांगितलं की बंदुकीवर जवसाचं तेल चिकटलं आहे, तर तो हातातलं खिळ्यांचं खोकं खाली ठेवून माझ्याकडे पाहतच राहिला.

"भैय्याजी, थे तेल आमी दाराले अन् बैलगाडीच्या जुवाले लावतो. थे वाळून पक्कं होते, म्हणूनच लावतो. तुमी थे बंदुकीले काहून लावलं?"

मी म्हटलं, पूजेचं होतं. त्यानं पुढं विचारलं नाही. टर्पेंटाईनची बाटली दिली, शिलाई मशीनच्या तेलाची कुपी दिली, आणि सांगितलं की लावून ठेवा, घाई करू नका, रंग उतरवतो तसं हळूहळू उतरवा. माझ्या घरच्या जुवाला मीच हे तेल लावत आलो होतो, वाळवून वाळवून. लाकडावर काय होतं ते मला पाठ होतं. बंदुकीवरही तेच होईल हे एकदाही डोक्यात आलं नाही. पूजेच्या वस्तूला माणूस तसं पाहत नाही, एवढंच मी स्वतःची समजूत घालायला म्हणतो.

मग दुपारभर मी अंगणात, नळीचं तोंड गोठ्याच्या भिंतीकडे करून, चिंध्या टर्पेंटाईनमध्ये भिजवून त्या फटींवर गुंडाळत बसलो. थोड्या वेळानं चिंधी काढायची, दातांच्या जुन्या ब्रशनं घासायचं, बांबूच्या कामटीनं फटीतलं काढायचं, पुन्हा नवी चिंधी. वरचा थर माझा होता. जाड, चिकट, ओघळ आलेला, जिथं नको तिथं साचलेला. तो निघायला फार वेळ लागला. त्याच्या खाली, माझ्याकडून कधी पुसायचं राहून गेलेलं, कलाबाईचं होतं. पातळ, सारखं, बोटाच्या रुंदीचं. त्यात कुंकू जसंच्या तसं लाल होतं. त्यावर चिंधी ठेवली आणि ते एका पुसण्यात निघालं.

मला वाटलं नव्हतं की असं होईल. तिचं एका पुसण्यात निघून गेलं आणि माझंच तेवढं तासन् तास निघत होतं. मी अंगणात बसून रडलो. पाहायला कोणी नव्हतं, म्हणून नीट रडलो.

एवढ्यात शेजारचा शालिकराम शिडी मागायला आला. नाकाला टॉवेल लावून त्यानं विचारलं की हा कशाचा वास येऊन राहिला. मी सांगितलं. तो थोडा वेळ उभा राहिला, डुकरांच्या जुन्या एक-दोन गोष्टी निघाल्या, मग त्याला संत्र्याच्या झाडावर चढायचं होतं म्हणून शिडी घेऊन तो गेला. मी त्याला चहा विचारला होता. तो म्हणाला, पुन्हा कधी येतो.

ऊन उतरताना मी खिटीवर शिलाई मशीनचं तेल सोडलं, अंगठा ठेवला, आणि ती सरकली. नळी वाकली. आत मी उन्हाकडे धरून पाहिलं. रिकामी होतीच. नळीच्या आत काडतुसांचं वितळलेलं प्लॅस्टिक आणि जुनी काजळी होती, तीही मी तारेचा ब्रश गजाला लावून काढली. मुन्शीनं ते मागितलं नव्हतं. पण मळकी वस्तू दुसऱ्याच्या हाती द्यायची आमच्या घरात रीत नाही.

दसऱ्याच्या चार दिवस आधी मी ती जमा केली. मुन्शीनं उघडली, डोळा लावला, आणि म्हणाला की बाबूजी, ही तर नवी वाटून राहिली, ठेवून घ्या ना. मी म्हटलं, नाही. सही केली आणि बसस्टँडवर आलो. येताना बसमध्ये माझ्या शेजारी एक बाई पिशवी घेऊन बसली, गावापर्यंत.

घरी येऊन चपला काढायच्या आधी मी अश्विनीला फोन लावला. सांगितलं की बंदूक गेली, लायसन्सही गेलं, पलंगाखाली आता फक्त कांदे आहेत. ती म्हणाली की बरं केलं बाबा. मग मी विचारलं की दसऱ्याला बसनं येता की स्वप्निल, म्हणजे जावईबापू, गाडीनं आणतात. मग ती सांगू लागली की स्वप्निलला सुट्टी नाही, प्रणालीची परीक्षा आहे, सोसायटीत कार्यक्रम आहे, दिवाळीत पाहू. एकामागून एक. मी ऐकत होतो. पहिल्या कारणावरच मला समजलं होतं, बाकीची ती स्वतःसाठी सांगत होती.

मला संताप आला. मी म्हटलं, "मग बंदुकीचं काहून सांगितलं मले?"

ती रडायला लागली. लहानपणी जशी रडायची तशी, आवाज न करता, नुसता श्वास ऐकू येईल अशी.

"बाबा, बंदुकीचं नाई जी काही. मी त्या घरात येतो ना, तं आई सैपाकघरातून येत नाई. मले नाई होत थे. मी तुमाले थे कसं सांगू?"

रागावायला काही उरलं नव्हतं. सैपाकघराचं दार माझ्या समोरच होतं, मी चपला घालून त्याच्याकडे पाहत उभा होतो.

"मलेही नाई होत, बाई," मी म्हटलं. "पण मी इथंच राहून राहिलो ना."

बराच वेळ दोघांनीही फोन ठेवला नाही.