कुणाचाच नसलेला मुखवटा

"कालिफोनचा चेहरा हवाय मला," नाटककार युदिकस म्हणाला, आणि तेलेसच्या हातातली सरसाची वाटी कलंडली.

कालिफोन म्हणजे जहाजांच्या लाकडाचा व्यापारी. नागरिकांच्या सभेत एकदा उभा राहिला की समोरच्याला खाली बसवूनच स्वतः बसणारा. त्याच्यावर युदिकसनं प्रहसन लिहिलं होतं आणि मद्यदेव डायोनिससच्या हिवाळ्यातल्या उत्सवात ते व्हायचं होतं. अथेन्समधल्या दोन मुखवटेवाल्यांनी आधीच कानावर हात ठेवले होते. म्हणून तो तेलेसकडे आला होता.

"खटला भरेल तो माझ्यावर," तेलेस म्हणाला.

"अरे, लिहिणारा मी, बोलणारा नट, आणि घाबरतोस तू?"

"तुमचं बोलणं वाऱ्यावर जातं. माझं काम हातात धरून न्यायाधीशांना दाखवता येतं."

युदिकसला हे पटलं असावं. तो हसला आणि म्हणाला, "बरं बाबा, मग कुणाचाच नसलेला कर. खादाड, भित्रा, नैवेद्याच्या भांड्यात हात घालणारा, लढाईत ढाल टाकून पळणारा. एवढं चेहऱ्यावर आलं की झालं. पुढचं माझ्या ओळी बघून घेतील."

तेलेसला हायसं वाटलं. पण कुणाचाच नसलेला चेहरा करायला बसल्यावर त्याला कळलं, की हे काही सोपं नाही. डोळे हल्ली अधू झाले होते, त्यामुळे तो बघण्यापेक्षा बोटांनीच जास्त काम करी. चिखलाचा गोळा पुढे घेऊन त्यानं आधी कालिफोनचं टोकदार नाक मनातून पुसून टाकलं, मग शेजारच्या कुंभाराची हनुवटी पुसली, मग आपल्या मेलेल्या गुरूचे डोळे. एकेक ओळखीचं बाजूला काढत गेल्यावर बोटं आपली आपण चालू लागली. साच्यावर तागाच्या चिंध्या सरसात बुडवून बसवल्या, वाळल्यावर पांढरा हात दिला, रंग दिला, मेंढीच्या लोकरीचे विरळ केस चिकटवले. डावी भुवई उजवीपेक्षा वर, कान बाहेर आलेले, खालचा ओठ जरा लोंबता. माणूस आत्ता काहीतरी विचारील आणि लगेच माफी मागेल, असा चेहरा झाला होता. तेलेसला तो आवडला. इतकं जिवंत काम त्याच्या हातून बऱ्याच वर्षांत झालं नव्हतं.

उत्सवाला पाच दिवस उरले असताना त्याचा थोरला भाऊ ओनेतोर आला. ओनेतोरचं बाजारात खाऱ्या माशांचं दुकान होतं. आईबाप गेल्यावर यानंच तेलेसला वाढवलेलं, यानंच त्याला मुखवट्यांच्या कामाला लावलेलं. माणूस इतका बुजरा, की गिऱ्हाईकानं भाव पाडला तर हाच ओशाळायचा. त्याची एकुलती एक मुलगी मिर्तो हिचं लग्न ठरलं होतं. हा महिनाच लग्नांचा. मिर्तोनं लग्नाआधीच्या रिवाजाप्रमाणे लहानपणच्या बाहुल्या देवीला वाहूनसुद्धा टाकल्या होत्या.

"व्याह्यांनी उत्सवाला बोलावलंय," माशांचं मडकं खाली ठेवून, सवयीप्रमाणे दोन्ही तळवे मांड्यांना एकदा पुढून, एकदा मागून पुसत ओनेतोर म्हणाला. "शेजारी बसा म्हणाले, चार लोकांत दिसू द्या. लिकिस्कस माणूस चांगला आहे रे. हसरा आहे. पण मला आपलं धास्तावल्यासारखं होतं. पंधरा दिवसांत लग्न. तेवढं नीट पार पडलं की मी सुटलो."

"पडेल रे दादा."

ओनेतोरची नजर फळीवरच्या मुखवट्यावर गेली. तो जवळ गेला, वाकून बघू लागला.

"हा कोण रे? याला कुठंतरी पाहिलंय मी."

मुखवटा आणि भाऊ, दोघांची तोंडं एका ओळीत आली. तेच कान. तीच भुवई. ओठाचा तोच कोपरा. आपल्या बोटांनी कुणाचा चेहरा घडवलाय, ते तेलेसला कळलं.

ओनेतोरला मात्र काही कळलं नाही. कळणार कसं? घरात एकच काशाचा आरसा होता, तो वहिनीबरोबर तिच्या थडग्यात गेला. त्याला बारा वर्षं झाली.

"बाजारातलाच कुणीतरी असणार," ओनेतोर म्हणाला. "बिचारा दिसतो."

तो गेला आणि तेलेस सुरी घेऊन मुखवट्यापुढे बसला. नाक कापून दुसरं बसवायला एक दिवस पुरला असता. पण तेवढ्यात युदिकसचा माणूस टोपली घेऊन दारात उभा राहिला, आणि "थांब" म्हणायचं सोडून तेलेसनं मुखवटा त्याच्या टोपलीत ठेवून दिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो तालमीच्या जागी गेला. मुख्य नट मुखवटा घालून गोल गोल चालत होता. युदिकस पायरीवर बसून अंजीर खात होता.

"दोन दिवस परत द्या," तेलेस म्हणाला. "रंग चुकलाय."

"रंग?" नटानं मुखवटा वर केला. त्याचा चेहरा घामानं निथळत होता. "रंगाला हात लावशील तर बघ! वीस वर्षं मी मुखवटे घालतोय, काका. असा मिळाला नव्हता. आत गेलं की खांदे आपोआप खाली येतात."

"दुसरा करून देतो. फुकट."

"कारण काय ते सांग ना," युदिकस म्हणाला.

तेलेसनं बरंच इकडेतिकडे पाहिलं. मग त्याला वाटलं, खरं बोलावं, शेवटी ही माणसंच आहेत.

"तो माझ्या भावासारखा झालाय."

युदिकसनं नवं अंजीर उचललं.

"कोण तुझा भाऊ?"

"ओनेतोर. खारे मासे विकतो."

"नाव ऐकलं नाही कधी. त्याला ओळखतो कोण?"

"खारे मासे कोण खात नाही?" तेलेस रडकुंडीला येऊन म्हणाला.

युदिकस इतका हसला की अंजीर घशात अडकलं. मग डोळे पुसून त्यानं तेलेसच्या खांद्यावर हात ठेवला. "हे बघ, माझं प्रहसन कालिफोनवर आहे. लोक कालिफोनलाच हसतील. तुझ्या भावाच्या अंगाला काही लागणार नाही, जा."

तेलेस परत निघाला. नट मागे उभा राहून विचारत होता, "दुकान कुठल्या रांगेत म्हणालास?" तेलेसनं सांगितलं. विचारलं म्हणून सांगितलं. सवयच होती त्याची.

त्याच दुपारी एक उंच माणूस ओनेतोरच्या दुकानापुढे बराच वेळ घुटमळला, आणि मासे न घेता त्याचा हात, चाल, मान बघत राहिला. पुन्हा दुसऱ्या दिवशी आला. ओनेतोरनं कौतुकानं भावाला सांगितलं, "कुणी परगावचा व्यापारी असावा. माझ्याकडे फार आदरानं बघत होता रे."

उत्सवाच्या दिवशी सकाळीच कडाक्याची थंडी पडली होती. "दादा, गारठा फार आहे, तुझी छाती..." तेलेस म्हणून बघत होता. ओनेतोर म्हणाला, "व्याह्यांनी बसायला लोकरीची गादी पाठवलीय. न जाऊन कसं चालेल?" त्यानं धुतलेला झगा घातला होता. तरी माशांचा वास होताच.

लाकडी बाकांवर माणूस माणसाला चिकटून बसला होता. लिकिस्कस मधे, एका हाताला ओनेतोर, दुसऱ्या हाताला होणारा जावई. तेलेस ओनेतोरच्या पलीकडे. लिकिस्कस गुटगुटीत, लालबुंद गालांचा, हसायला निमित्तच शोधणारा. त्यानं पदरात अक्रोड आणले होते.

"तुमचे बंधू मुखवटे करतात म्हणे," तो म्हणाला. "मग आज आम्हाला आतल्या गोष्टी आधी कळायला हव्यात!"

ओनेतोर अभिमानानं म्हणाला, "त्याचा हात फार चांगला आहे. सांगत नाही तो, पण आहे."

बासरी सुरू झाली. गायकांचा ताफा नाचून गेला. मग तो आला. ओझं उचलल्यासारखे खांदे पाडून, एकेक पाऊल जणू जमिनीची परवानगी घेऊन टाकत. नैवेद्याच्या भांड्यापाशी थांबला, इकडेतिकडे पाहिलं, आणि हात घालण्याआधी दोन्ही तळवे मांड्यांना पुसले. एकदा पुढून, एकदा मागून.

 मग वरच्या ओळीतून कुणीतरी ओरडला, "अरे, हा तर खारे मासेवाला!"

हसू वरून खाली लोंढ्यासारखं आलं. युदिकसच्या ओळींत कालिफोनचं नाव तीनदा आलं, पण ते कुणी ऐकलंच नाही. "मासे ताजे आहेत का?" "भाव पाडू नका, नाहीतर ढाल टाकून पळेल!" बाजारातल्या सगळ्या रांगा जणू एका जागी येऊन बसल्या होत्या.

ओनेतोरही हसत होता. त्याला वाटलं, दुसऱ्या कुठल्यातरी मासेवाल्याची गंमत चाललीय. मग पुढच्या ओळीतली माणसं वळून त्याच्याकडे बघू लागली. एकेक करून बघायची आणि पुन्हा पोट धरायची. ओनेतोरचं हसू एकदम गेलं नाही. ते तोंडावर तसंच राहिलं, फक्त त्यातला माणूस निघून गेला.

त्यानं सावकाश हात वर केला आणि बोटांनी आपले कान चाचपून पाहिले. मग भुवई.

"तेलेस," तो हळूच म्हणाला, "मी असा दिसतो?"

  तेलेसनं भावाचा हात धरला, पण ओनेतोरनं तो सोडवून घेतला. रागानं नव्हे. झगा सारखा करायचा होता म्हणून.

लिकिस्कसचं मोठेपण असं, की तो हसला नाही. लाल गाल जांभळे होईपर्यंत त्यानं ओठ आवळून धरले. "नाटकवाल्यांना काही धरबंध नाही," एवढंच त्यानं म्हटलं, आणि ते म्हणताना त्याचे खांदे गदगदत होते.

प्रहसनाला पहिलं बक्षीस मिळालं.

चौथ्या दिवशी लिकिस्कस ओनेतोरच्या घरी आला. तेलेस तिथंच होता. आतल्या खोलीत माग चालू होता, लग्नाच्या पांघरुणाचा शेवटचा हात मिर्तो विणत होती. लिकिस्कस बोलण्याची तयारी करून आला होता, हे त्याच्या चालण्यावरूनच दिसत होतं.

"ओनेतोरराव," त्यानं दारातूनच सुरुवात केली, "लोक काय बोलतात ते मी मनावर घेत नाही. शब्द तो शब्द. लग्न ठरल्याप्रमाणेच..."

ओनेतोर सावलीतून पुढे आला. उजेड त्याच्या तोंडावर पडला. तीन रात्री झोप नव्हती, त्यामुळे डावी भुवई आणखीच वर चढलेली.

लिकिस्कसच्या नाकातून एक आवाज निघाला. त्यानं खोकल्याचं निमित्त केलं. "ठरल्याप्रमाणेच..." तो पुन्हा म्हणाला, आणि पुन्हा तसाच आवाज. त्यानं झग्याचा पदर तोंडात कोंबला. डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. "माफ करा... देवाशपथ, मला तसं काही... अहो, तुम्ही तिकडं बघा ना जरा!"

ओनेतोरनं आज्ञाधारकपणे भिंतीकडे तोंड केलं.

मागून तर ते आणखी वाईट झालं. ते पाडलेले खांदे. लिकिस्कस दाराच्या चौकटीला धरून खाली बसला. हसता हसता तो खरोखर रडत होता. "मी वाईट माणूस नाही हो," तो म्हणत होता. "मुलगी सोन्यासारखी आहे. पण तुम्ही सणावाराला येणार, आणि मी असा... सासराच असा हसला, तर पोरीनं कुठं तोंड लपवायचं?"

आतला माग थांबला.

"तुमची काही चूक नाही," ओनेतोर भिंतीला म्हणाला.

लिकिस्कस गेला. दुसऱ्या दिवशी निरोप आला की हा महिना सरत आला आहे, पुढच्या वर्षी बघू. पुढच्या वर्षीचा निरोप म्हणजे काय ते अथेन्समध्ये शेंबड्या पोरालाही कळतं.

तेलेस देवळात गेला. जिंकलेल्या नाटकाचे मुखवटे रिवाजाप्रमाणे डायोनिससला वाहिले होते आणि पडवीच्या दोरीला ओळीनं टांगले होते. ओनेतोरचा पहिलाच होता. वाऱ्यावर तो जरा डोलत होता. खाली चार माणसं उभी राहून एकमेकांना कोपरानं ढोसत होती.

"एवढा एक देता का?" तेलेसनं देवळाच्या राखणदाराला विचारलं. "बदली करून देतो. चांगला, नवा."

"देवाला दिलेलं परत? खुळा का तू?"

"मीच केलाय तो."

"मग तर कौतुकच आहे," राखणदार म्हणाला. "पन्नास वर्षं टिकेल. सरस उत्तम वापरलायस."

संध्याकाळी तो भावाकडे गेला.  ओनेतोर म्हणाला, "तू मुद्दाम केलं नाहीस, हे मी सगळ्यांना सांगतो."

"दादा..."

"सांगतो, पण त्यानं काही होत नाही. मुद्दाम केलं असतंस तर लोक म्हणाले असते, भावाभावांचं भांडण आहे. आता म्हणतात, चेहराच तसा आहे." त्यानं तळवे मांड्यांना पुसले. "राग मानू नकोस. मी नुसतं सांगतोय."

मिर्तो जेवण घेऊन आली. मसुराचं कालवण, जवाची भाकरी. ती नाटकाला गेली नव्हती, पण आज सकाळी शेजारणीबरोबर देवळाकडे गेली होती, हे तेलेसला राखणदाराकडूनच कळलं होतं. तिनं काकापुढे ताट ठेवलं, मग बापापुढे. ठेवताना तिनं त्याच्या तोंडाकडे पाहिलं आणि तिची नजर तिथंच राहिली. कानावर, भुवईवर, ओठावर. तिच्या तोंडाचा कोपरा थरथरला. तिनं तोंडावर हात दाबून धरला आणि ती आत पळाली.

आतून आवाज येत राहिला, दाबलेला, अडखळणारा. दोघे भाऊ कान देऊन ऐकत होते. पोर रडतेय की हसतेय, दोघांनाही कळेना. उठून आत जाऊन बघावं, असं एकालाही वाटलं नाही. कालवण निवत गेलं.