मशीनरूमपर्यंत ऐंशी पायऱ्या

आमच्या ह्यांनी चाळीस वर्षं लिफ्टच्या डक्टमध्ये लोंबकळत काम केलं, पण कधी नखालाही धक्का लागला नाही. आणि पडले कुठे, तर घरात, स्टुलावरून, पंखा पुसताना. पुसायला मीच लावलं होतं, म्हणून त्याबद्दल मी जास्त बोलत नाही. खुब्याचं हाड मोडलं, आत रॉड घातला, आणि माणूस दुसऱ्या मजल्यावरच्या आमच्या घरात अडकून पडला.

नेमकी त्याच सुमारास इमारतीची लिफ्टही बंद पडली. एकतीस वर्षांपूर्वी ती ह्यांनीच बसवलेली. कंपनीचा मेकॅनिक आला, गच्चीवरच्या मशीनरूममध्ये जाऊन आला आणि म्हणाला, ही मोडीत काढा, नवी बसवा. झालं, इमारतीत दोन तट पडले. निम्मे म्हणाले काढा, निम्मे म्हणाले कंपनीला नवी विकायची आहे. मी दुसऱ्या तटात, आणि तिथेही सगळ्यांच्या पुढे. त्या मेकॅनिकला मी जिन्यात गाठून तोंडावर चोर म्हटलं. शेवटी कमिटीने ठरवलं, महिनाअखेरच्या रविवारी मीटिंग घ्यायची आणि आमचे हे सांगतील ते सगळ्यांनी मान्य करायचं.

मला वाटलं, सुटला प्रश्न. हे पलंगावर पडल्यापडल्या 'दुरुस्त होईल' म्हणतील आणि आमची लिफ्ट वाचेल. हे म्हणाले, "मी वर जाऊन बघतो."

वर म्हणजे ऐंशी पायऱ्या. त्या दिवसांत हे काठी टेकत संडासापर्यंत जायचे, तेही घामाघूम होऊन. हातात पाच आठवडे होते. डॉक्टर म्हणाले, चढा, पण बेताने.

बेताने हा शब्द माझ्या शब्दकोशात नाही. मी पक्की आरंभशूर. पहिल्या दिवशी हौस, दुसऱ्या दिवशी अंगदुखी, तिसऱ्या दिवशी विषय बंद. माझ्या कपाटात एका बाहीचा स्वेटर आहे, दुसरी बाही विणायची राहिली त्याला अकरा वर्षं झाली. ह्यांचं सगळंच उलटं. पहिल्या दिवशी दोन पायऱ्या चढले आणि उतरले. मी म्हटलं, अहो, जमतंय की, चढा अजून. तर म्हणे जमतंय तोवरच थांबायचं, दमून थांबलो तर उद्या पाय ते दमणंच आठवत बसतील. दुसऱ्या दिवशी चार. एकदा गुडघा ठणकत होता, त्या दिवशी तीनच, पण चढले. सकाळी चहाचा कप खाली ठेवला की काठी हातात. कंटाळा येत नाही का, असं मी एकदा विचारलं. येतो की, म्हणाले, पण कप ठेवल्यावर मी मनाला विचारतच नाही, विचारलं तर ते नाही म्हणतं.

पंधरा दिवसांत हे चौथ्या मजल्यापर्यंत पोचले. आता मला कुठलं राहवतंय? मी सगळ्या इमारतीत दवंडी पिटली. दुसऱ्या दिवशी सकाळी दारादारात माणसं उभी, टाळ्या काय, शाबासकी काय. ह्यांनी ठरवल्या होत्या छत्तीस पायऱ्या, चढले पंचावन्न. तिथे पाय लटपटला आणि हे भिंतीला धरून खालीच बसले. चौघांनी खुर्चीत बसवून घरी आणलं. आठ दिवस पाय सुजून पलंगावर होते. डॉक्टरांची बोलणी मी खाल्ली आणि स्वयंपाकघरात जाऊन रडले.

हे मला एका शब्दाने बोलले नाहीत. म्हणाले, "चूक माझी. मी मशीनरूमकडे निघालो होतो, मधेच टाळ्यांकडे चढायला लागलो."

मग मी घरोघर गेले. आठ ते साडेआठ दारं बंद ठेवा, कुणी बाहेर येऊ नका, कुणी काही विचारू नका. कालपर्यंत गाजावाजा करणारी बाई आज गप्प बसा म्हणून सांगत फिरते आहे, म्हटल्यावर लोक हसले, पण त्यांनी ऐकलं. मीटिंगला अकरा दिवस उरले होते आणि हे पुन्हा दोन पायऱ्यांपासून सुरू झाले. मी उठता-बसता कॅलेंडर बघत होते. ह्यांच्या चेहऱ्यावर घाईचं नाव नाही. पाय आधी सरावलेले, म्हणून ह्या वेळी रोज सात-आठ पायऱ्या वाढत गेल्या. सगळ्या जिन्यात फक्त काठीचा आवाज. पाचव्या मजल्यावरच्या बाईंनी मला नंतर सांगितलं, की हे खाली उतरेपर्यंत त्या कुकरसुद्धा लावत नव्हत्या.

मीटिंगच्या सकाळी हे ऐंशी पायऱ्या चढले. चाळीस मिनिटं लागली. मी मागून टॉर्च आणि हत्यारांची पिशवी घेऊन, तोंड बंद ठेवून. आयुष्यात मला एवढं कठीण काम कुणी दिलं नव्हतं.

मशीनरूममध्ये हे एका खोक्यावर बसले, श्वास जागेवर येऊ दिला. दोर ज्या चाकावरून फिरतात त्याचा जाड दांडा रॉकेलच्या फडक्याने लख्ख पुसला. वाळल्यावर त्यावर शाळेतला पांढरा खडू घासला आणि म्हणाले, आता थांब. तड गेलेली असेल तर आत मुरलेलं तेल खडूवर येतं. मी टॉर्च धरून उभी. पाच मिनिटांनी त्या पांढऱ्यावर केसासारखी एक काळी रेघ उमटली आणि दांड्याला निम्मा वेढा घालून गेली. मी म्हटलं, ही बारीकशीच आहे ना? ह्यांनी 'नाही' अशी मान हलवली आणि फडकं घडी करून पिशवीत ठेवलं.

मीटिंगमध्ये हे म्हणाले, लिफ्ट काढा, दांड्याला तड आहे, माणसं बसवायची नाहीत. मेकॅनिक मागे उभा होता. त्याच्याकडे वळून म्हणाले, तुमचं बरोबर होतं. मग मीही उठले आणि सगळ्यांदेखत त्या माणसाची माफी मागितली. 

दुपारी पायाला तेल लावताना माझा पारा चढला. म्हटलं, एवढी मरमर केलीत, आणि हाती काय आलं? लिफ्ट गेली ती गेलीच.

"ती जाणार, असं मला आधीच वाटत होतं," हे म्हणाले. "बंद पडायच्या आधी दोन दिवस इथे पडून तिचा आवाज ऐकत होतो."

माझा हात थांबला. "मग तेव्हाच सांगायचं होतं. तुम्ही पलंगावरून म्हणाला असतात तरी लोकांनी ऐकलं असतं."

"म्हणूनच चढावं लागलं. लोक नुसत्या माझ्या शब्दावर विसंबणार, तर तो डोळ्यांनी बघूनच द्यायला हवा."

 मी पुन्हा तेल चोळायला लागले, आणि ह्या माणसाचा मला इतका अभिमान वाटला की डोळे भरून आले.