सोजराबाईचा कूड

उंद्रीच्या उकंडरावांचे कान विहिरीतल्या सुरुंगानं गेले, तेव्हा त्यांची मुलगी विमल अजून जन्मली नव्हती. त्याला दहा वर्षं झाली. ते बोलायचे, कामाला जायचे, समोरच्याच्या ओठांवरून निम्मंअर्धं समजून घ्यायचे. उरलेलं बायको, सोजराबाई, हातवारे करून सांगायची.

सोजराबाईचा हात सारवणात बसलेला. गावाबाहेरच्या माळावर तारा पडला आणि तिथून निळी माती निघाली, तेव्हा त्या मातीचा गुण आधी तिलाच कळला. ओली असेपर्यंत भोवती जे काही असेल, आवाज, वास, चव, ऊब, ते सगळं ही माती धरून ठेवायची. वाळल्यावर तिच्यावर तळवा टेकला की ते अंगात उतरायचं. मग गावोगावी लोकांनी तशा भिंती केल्या. कुणी लग्नघर धरून ठेवलं, कुणी बैलबाजार. एकोणीसशे चौसष्ट साली चिखलीत अशा भिंतींचं प्रदर्शन भरलं आणि ते भरवणाऱ्या रामराव गुरुजींनी सोजराबाईलाही एक भिंत मागितली.

तिनं पऱ्हाट्यांची, म्हणजे कपाशीच्या वाळल्या काड्यांची, भिंत विणून कूड बांधला, निळ्या मातीत शेण कालवून लिंपला आणि घरातच चुलीजवळ उभा केला. वाळायला चार दिवस लागले. मग बैलगाडीत कडबा अंथरून तो चिखलीला नेला.

मांडवात सकाळपासून त्याच्यापुढे रांग होती. माणसं तळवा टेकून डोळे मिटायची. धुराचा वास यायचा, जिभेवर अंबाडीच्या भाजीचा आंबटपणा यायचा, वासराची खरखरीत जीभ मनगट चाटून जायची. आणि मधेच एका क्षणी माणूस झटकन हात काढून घ्यायचा. असं का, ते कुणी सोजराबाईला विचारलं नाही. तिला माहीत होतं.

उकंडराव बैलांना पाणी पाजून आत आले. बहिऱ्या माणसानं भिंतीला हात लावला तर काय होईल, याचा विचार कुणीच केला नव्हता. त्यांनी दोन्ही तळवे टेकले.

आधी तव्यावरची भाकरी चर्र वाजली. मग बांगड्या. उकंडरावांच्या तोंडावरचा रंगच उडाला. मातीला कानांची गरजच नव्हती, ती सरळ कातडीतून आत बोलत होती. एक बारीक आवाज बाराचा पाढा म्हणू लागला. त्यांनी वळून विमलकडे पाहिलं. तिचे ओठ मिटलेले होते.

"विमे, हा तुहा आवाज हाय?"

सगळा मांडव त्यांच्याकडे वळला. विमलनं हो म्हणून मान हलवली. उकंडरावांच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं, तरी हात तिथंच होते. बारसत्ते चौऱ्याऐंशी. आणि तेवढ्यात त्या घरात कुणीतरी गरजलं. "पानी कुठं हाय? किती डाव सांगाव तुले?" पाढा जागच्या जागी तुटला. एक भांडं पडून गडगडत गेलं.

विस्तवाला लागावा तसा त्यांचा हात मागे आला. त्यांनी तो पुन्हा टेकवला, पुन्हा ऐकलं.

"सोजरा, हा मानूस कोन हाय? आपल्या घरात काऊन ओरडून राह्यला?"

सोजराबाईनं हळूच त्यांच्या छातीवर बोट ठेवलं.

ते हसले. थट्टा वाटली. मग त्यांनी विमलकडे पाहिलं, तर ती खाली मान घालून फ्रॉकची कड मुठीत आवळत होती.

"मी?" ते म्हणाले. हे विचारतानाचा स्वतःचा आवाजही त्यांना ऐकू आला नाही. ते मांडवाच्या खांबाला टेकून खाली बसले.

रामराव गुरुजी सोजराबाईजवळ आले. "बाई, काम अव्वल आहे. पण तेवढा भाग खरवडून काढा. उद्या पाहुणे येणार."

"मले लिंपतानाच काढता आला असता, गुरुजी," ती म्हणाली. "पन मंग ते आमचं घर नसतं राह्यलं. आता यायलेच इचारा." तिनं नवऱ्याकडे हात केला.

गुरुजींनी खुणेनं विचारलं. उकंडरावांनी नाही म्हणून मान हलवली. कूड तसाच राहिला.

घरी परतताना गाडीत त्यांनी बायकोला विचारलं, तेही हातानंच, की तू मला कधी सांगितलं का नाहीस. पहिल्याच वर्षी सांगितलं होतं, ती खुणेनं म्हणाली. तुम्ही भांडायला उठलात. मग मीच सोडून दिलं. विमल मागं झोपली होती. आपली पोर लाजाळू आहे, असं ते इतकी वर्षं सगळ्यांना सांगत आले होते.

आठ दिवस उकंडराव एक शब्द बोलले नाहीत. पाणी हवं असलं की स्वतः उठून घ्यायचे. नवव्या दिवशी विमल त्यांच्यापुढे येऊन बसली. तिनं त्यांचा हात उचलून आपल्या गळ्याला लावला आणि "बाबा" म्हणाली. बोटांखाली बारीक थरथर झाली. मग तोच हात तिनं त्यांच्या स्वतःच्या गळ्यावर ठेवला आणि वाट पाहत राहिली.

त्यांचे ओठ हलले. विमलला काहीच ऐकू आलं नाही. विमलनं तळवा वर उचलला: अजून थोडं मोठ्यानं.

"भेव लागते वं मले," ते पुटपुटले.

तेवढं तिला ऐकू आलं. तिनं समजल्याची मान हलवली, पण हात अजून वरच होता.