भोवरा कुणाच्या हाती

दोर वळणाऱ्यांच्या त्या जमातीत पाहुण्याला 'नाही' म्हणायची पद्धत नव्हती. पाहुणा म्हणाला, आज फार उकडतंय, की अंगात स्वेटर घातलेला माणूसही रुमालाने कपाळ पुसायचा. पाहुणा म्हणाला, मुलगा अगदी बापावर गेलाय, की मूल दत्तक घेतलेला बापसुद्धा लाजून मान डोलवायचा. पाहुणा एकदा वळणापलीकडे गेला, की मग खरं काय ते आपसात निघायचं, आणि तेही कडाकडा भांडून.

लग्न होऊन आली तेव्हा थोरल्या सुनेला ही पद्धत गोड वाटली होती. चुलतघरं धरून ती पहिली सून, म्हणून तिला सगळी गल्ली थोरलीच म्हणायची. पुढे तिच्या लक्षात आलं, की या गोडव्याची किंमत कोणीतरी मोजतं, आणि या खेपेला ती तिच्याच नावावर पडली आहे. तिच्या हातातला भोवरा जायची वेळ आली होती.

भोवरा म्हणजे पोरांच्या खेळातला नव्हे. दोन्ही हातांत धरायचा लाकडी शंकू, अंगावर तीन खाचा. लांबच लांब शेडच्या एका टोकाला फिरकी, दुसऱ्या टोकाला दगड लादलेली बुटकी गाडी, आणि मध्ये ताणलेले वाखाचे, म्हणजे घायपाताच्या धाग्यांचे, तीन पेड, प्रत्येक खाचेत एक. फिरकी फिरली की पेडांना पीळ चढतो आणि भोवऱ्याच्या मागे ते एकमेकांना मिठी मारून दोर होतात. भोवरा धरणाऱ्याने त्या पिळाला थोडं अडवत, थोडं सोडत गाडीकडून फिरकीकडे चालत यायचं. घाई केली तर दोर सैल, अती अडवलं तर असा ताठ की स्वतःभोवती वेटोळी घालतो. म्हणून भोवरा ज्याच्या हातात, त्याचा शब्द शेडमध्ये शेवटचा. तिथे वय, नातं, मिश्या, काही चालत नाही. आणि भोवरा धरणारा ज्या घरात, शेड त्या घराची.

थोरलीच्या घरी तो मान मामंजींचा, म्हणजे सासऱ्यांचा. पण मामंजींचे हात आता चहाच्या कपातही वादळ उठवू लागले होते. मुलगा एकच, थोरलीचा नवरा. तो बसवर कंडक्टर. "माझ्या हाती भोवरा दिलात तर दोर नाही, गुंता विकायला बसावं लागेल," असं तो स्वतःच चारचौघांत सांगायचा, आणि वर हसायचा. तेव्हा शेड आता मामंजींच्या चुलतभावाकडे जाणार, असं धरूनच चाललं होतं. चुलतभावाच्या चिरंजीवांनी तिथे फ्रिज आणि वॉशिंग मशिनांचं गोदाम करायचं ठरवलं होतं. भोवरा त्यांनीही जन्मात धरला नव्हता, पण ते पुरुष होते, आणि तेवढ्यावर त्यांचा अर्ज मंजूर होता.

आता भोवरा खरोखर कोणाच्या हातात होता, हे दोघांनाच ठाऊक. मामंजींचे हात थरथरू लागले तेव्हापासून दुपारी शेडचं दार आतून लागायचं. मामंजी फिरकीवर बसायचे आणि थोरली भोवरा धरायची. नाट्यगृहाचा पडदा ओढायचे दोर, व्यायामशाळेतले चढायचे दोर, होडीवाल्यांचे जाड दोर, सगळे तिच्या हातचे. बाहेर लोक म्हणायचे, म्हाताऱ्याचा हात थरथरतो खरा, पण दोराला कळत नाही!

दार उघडून हे सांगायची सोय नव्हती, कारण मध्ये पुस्तक होतं. फार वर्षांपूर्वी कोणी एक विद्वान साहेब या जमातीचा अभ्यास करायला आले, चार दिवस राहिले आणि पुस्तक लिहून गेले. त्याची एक प्रत चुलतभावाकडे होती, प्लास्टिकचं कव्हर घालून. त्यावरून त्यांचं नावच पुस्तककाका पडलं. लग्नाची बोलणी असोत की भिंतीचा वाद, काका पुस्तक काढायचे. आणि पान एकाहत्तरवर स्वच्छ छापलं होतं: 'या जमातीत स्त्रिया भोवऱ्यास स्पर्श करीत नाहीत.' वाख विंचरणं बायकांकडे, सूत काढणं बायकांकडे, पेड ताणणं बायकांकडे. स्पर्श तेवढा करायचा नाही.

एका दुपारी थोरलीने विचारलंच. "मामंजी, हे त्या पुस्तकात शिरलं कुठून?"

"माझ्या बापाच्या तोंडून."

"म्हणजे खरं?"

"खरं कसलं, अगं! मी इथेच होतो, पेड ताणत. भोवरा माझ्या आईच्या हातात. साहेब दारात दिसले तशी तिने तो गाडीवर ठेवला आणि चहा टाकायला घरात गेली. साहेबांनी उचलून बघितला. म्हणाले, केवढं जड काम, बायका काही याला हात लावत नसतील! बाबा म्हणाले, छे छे, कशाला लावतील!"

"आणि आजेसासूबाई?"

"आली ना चहा घेऊन. साहेबांना फार आवडला. तेही छापलंय, पान बहात्तर. 'येथील स्त्रिया पाहुणचारात निपुण आहेत.'"

थोरलीला हसावं की रडावं कळेना. "मग पुस्तक आल्यावर कोणी बोललं नाही?"

"पुस्तक आलं तोवर आईचे गुडघे गेले होते, ती घरात बसली. मागाहून आलेल्या सुनांना पुस्तकातलंच सांगितलं गेलं. पाहुण्याचा शब्द तो. पाहुणा गेला तरी पुस्तक घरात बसलेलंच. त्याला नाही कोण म्हणणार?"

म्हणजे साहेबांचा अंदाज, आजेसासऱ्यांची भीड आणि सगळ्या जमातीची सभ्यता, या तिघांनी मिळून एक रूढी जन्माला घातली होती, आणि ती सांभाळायची थोरलीने. तिने त्याच दिवशी मनाशी पक्कं केलं. भोवरा दार उघडं ठेवून धरायचा.

संधी चालत आली. विद्यापीठातली एक बाई नव्याने अभ्यास करायला आली आणि पुस्तककाकांच्या माडीवर उतरली. सगळे तिला पाहुणी म्हणू लागले. काकांनी पहिल्याच दिवशी पुस्तक तिच्यापुढे ठेवलं आणि सांगितलं, की आता विचारण्यासारखं फारसं उरलेलं नाही. तरी ती विचारत हिंडायची. एका सकाळी ती शेडमध्ये थोरलीजवळ येऊन बसली. थोरली लोखंडी दातांच्या फणीवर वाख विंचरत होती.

"एक सांगू?" पाहुणी म्हणाली. "काल मी एकाला विचारलं, पूर्वी तुम्ही बायकांच्या केसांचे दोर वळायचा का? तो म्हणाला, हो, वळायचो, फार मजबूत व्हायचे."

थोरलीची फणी थांबली. "मग?"

"मग काय. आमच्या घरी माझ्या एका शब्दाला कोणी हो म्हणत नाही, आणि इथे सगळं गाव माझ्या बाजूने. मला शंका येणारच ना!"

दोघी इतक्या हसल्या की वाखाचा भुसा उडाला. मग थोरलीने आडपडदा न ठेवता सगळं सांगितलं. आजेसासूबाई, चहा, पान एकाहत्तर, बंद दार. शेवटी म्हणाली, "रविवारी बैठक आहे. भोवरा कोणाकडे द्यायचा ते ठरणार. तुम्ही तिथे एवढंच विचारा, की तुमच्यात बायकाही भोवरा धरतात ना? बघा कसे सगळे हो म्हणतात!"

पाहुणीने मान हलवली. "ते नाही जमायचं, ताई. उत्तर तोंडात घालायचं आणि तेच काढून वहीत लिहायचं, हेच त्या साहेबांनी केलं. मी उलट्या बाजूने तेच करू?"

थोरलीला राग आला. पण बाई खोटी नव्हती, हे तिला पटलं होतं. तिने पुन्हा फणीवर वाख आपटला. मग ती म्हणाली, "बरं. विचारू नका काही. तुम्हाला इथे काय बघायची इच्छा आहे?"

"खरं सांगू? तुम्हाला दोर वळताना बघायचंय."

"मग तेवढंच म्हणा."

"ते म्हणेन," पाहुणी म्हणाली. "ते खरं आहे."

"पण एक लक्षात ठेवा. दोर बिघडला तर तेही लिहावं लागेल."

"लिहीनच."

"लिहा," थोरली म्हणाली, आणि वाखाची पुढची जुडी फणीवर ओढली.

रविवारी शेडची दोन्ही दारं उघडी होती. मामंजी खुर्चीवर, काकांचे चिरंजीव मोजमापाची टेप खिशात घालून, आणि कंडक्टर सुट्टी टाकून बायकोच्या मागे उभा. पाहुणीला मध्यभागी उशी दिली होती. पुस्तककाकांनी कव्हर झटकलं, चष्मा चढवला आणि पान एकाहत्तर खणखणीत वाचलं. मग पुस्तक मिटून मामंजींकडे हात करत म्हणाले, "आता दादांच्या घरी धरणारं कोणी नाही. तेव्हा वाद घालण्यासारखं काही नाही. पाहुणीबाई, तुम्हाला काही बघायचं असेल तर सांगा, शेड बंद व्हायच्या आत."

"मला थोरल्या सूनबाईंना भोवरा धरून दोर वळताना बघायचंय," पाहुणी म्हणाली.

"हो हो, का नाही!" काका म्हणाले.

तोंडातून निघून गेलं. जन्मभराची सवय, ती जिभेवर आधी येते आणि मेंदूला मागाहून कळवते. कळलं तेव्हा काकांचा चेहरा उतरला. काकू पदराआड खोकल्यासारखं काहीतरी करू लागल्या.

पण काकाही कच्चे नव्हते. "पाहुणीची हौस आहे, तर नीटच होऊ दे," ते बाह्या सारत म्हणाले. "फिरकी मी स्वतः फिरवतो."

यातली मेख सगळ्यांना कळली. फिरकी मागेपुढे करून कोणाचाही दोर बिघडवता येतो. आणि चुलतसासऱ्यांवर आवाज चढवायची छाती कोणत्या सुनेची होणार?

थोरलीने पेड खाचांत बसवले, भोवरा छातीशी धरला आणि म्हणाली, "चालू."

काकांनी सुरुवात बरी केली. पीळ चढत आला, पेड गुणगुणू लागले, भोवरा तिला मागून ढकलू लागला. ती पाऊल अडवत, तोलत पुढे येत होती. मागे दोर घट्ट, सारखा उतरत होता. अर्धी शेड झाली आणि काकांचा हात सुटला. फिरकी गरगरा फिरू लागली. भोवरा हातात उसळला, पेड ताठरले, मागच्या गाडीवरचे दगड हलले.

"काका, हळू," थोरली म्हणाली.

काकांना ऐकू आलं नाही. काकांना हवं ते नेहमीच नीट ऐकू यायचं.

तिचं मनगट वळायला लागलं. अजून चार फेरे असेच झाले की दोराला गाठी पडणार, पाहुणी ते लिहिणार, आणि पुन्हा कोणी सून या दारात उभी राहणार नाही. तिने मामंजींकडे पाहिलं नाही, नवऱ्याकडे पाहिलं नाही. पाय रोवले आणि शेडच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जाईल असा आवाज काढला.

"हळू म्हणते ना!"

आणि फिरकी मंद झाली.

काकांनी केली नव्हती. त्यांच्या हाताने केली होती. उभा जन्म त्या हाताने भोवऱ्याकडून येणारा हुकूम ऐकला होता. हुकूम बाईचा की बाप्याचा, हे विचारायला तो थांबला नाही. काका स्वतःच्या मनगटाकडे असे बघत राहिले, की जणू कोणीतरी परक्याने ते त्यांना आणून बसवलंय.

"आता एकसारखी," थोरली म्हणाली. फिरकी एकसारखी फिरली.

दोर उतरला. मामंजींनी तो मांडीवर घेतला, थरथरत्या बोटांनी या टोकापासून त्या टोकापर्यंत चाचपला. कंडक्टर आणि चिरंजीवांनी दोन बाजूंनी ताणून पाहिला. चिरंजीवच पुढे ओढले गेले. मध्यावर, जिथे फिरकी सुटली होती, तिथे वीतभर पीळ थोडा दाट होता. मामंजी तिथे थांबले. "इथे हिने अडवलाय," ते म्हणाले. "मी सोडून दिला असता. बिघडला असता." एवढंच बोलून त्यांनी दोर पाहुणीच्या हातात दिला.

"काय लिहिणार मग?" काकांनी तिला विचारलं, जरा बाजूला घेऊन.

"पाहिलं ते. सूनबाईंनी हळू म्हटलं आणि तुम्ही हळू केलंत."

"असं नका लिहू हो! लिहा, की मी आपण होऊन हळू केलं."

"आपण होऊन केलंत?"

पाहुणीच्या प्रश्नाला हो म्हणायची जन्माची सवय, पण समोर सगळी शेड कान टवकारून. काका पुस्तकाच्या कव्हरवरची नसलेली धूळ पुसत राहिले.

पाहुणीची बस होती. तिने पिशवी उचलली, सगळ्यांना नमस्कार केला, थोरलीचा हात जरा जास्त वेळ धरला आणि ती गेली. कंडक्टर तिला थांब्यापर्यंत सोडायला गेला. वळणापलीकडे दोघं दिसेनाशी झाली. आता शेडमध्ये पाहुणा नव्हता. आता खरं बोलायची वेळ होती.

"झाली पाहुणीची हौस," चिरंजीव म्हणाले आणि टेप काढली. "वहिनी, भोवरा ठेवा खाली. मला मापं घ्यायचीत."

थोरलीने भोवरा ठेवला नाही. तो तसाच कुशीत धरून तिने पुढचे तीन पेड गाडीला अडकवले. "नाट्यगृहाचा दुसरा दोर राहिलाय, भाऊजी. तुम्ही मध्ये उभे आहात."

"बाबा, तुम्ही बोला ना काहीतरी!"

काका बोलायला उठले. पुस्तक उचललं. मग एकदा दोराकडे पाहिलं, एकदा मामंजींकडे, एकदा स्वतःच्या उजव्या हाताकडे. काकू अचानक म्हणाल्या, "अहो, ते पुस्तक माझ्याकडे द्या. वाखाचा भुसा बसेल त्यावर." आणि त्यांच्या उत्तराची वाट न बघता घेऊन गेल्या.

रिकाम्या हातांनी माणूस किती वेळ उभा राहणार! काका थोडे घुटमळले, मुलाला म्हणाले, "तू बाजूला हो, पेडात पाय अडकेल," आणि जाऊन फिरकीजवळ उभे राहिले.

"हळू," थोरली म्हणाली.

"अगं, मी अजून सुरूच केलेली नाही!"

"म्हणून आधीच सांगते," ती म्हणाली, आणि पेड खाचांत बसवले.