भर सभेत विचारलेली गोष्ट

आमच्या सूनबाईला विचारण्याचा रोग आहे. बाई सोन्यासारखी, पण तिच्यासमोर जरा आठवण काढली की झालं! "आई, हे मी लिहू का? लिहिलेलं वाचून दाखवू का?" अगं, बोललेले शब्द म्हणजे शेजारणीची पातेली आहेत का, घासूनपुसून परत द्यायला?

तिचं कामच तसं. विद्यापीठात ती मानवी हक्क आणि साहित्य शिकवते. तुरुंगात डांबलेल्यांनी, घरातून हुसकून लावलेल्यांनी काय लिहिलं ते वाचायचं, त्यांना जाऊन भेटायचं. मी लेकाला विचारलं, "यात पोट भरतं का रे?" तर म्हणतो, "तिचं भरतं, माझंही अर्धं तीच भरते."

ज्याची गोष्ट, त्याच्या होकाराशिवाय ओळ वापरायची नाही, हा तिचा नेम. एक म्हातारा कैदी 'नाही' म्हणाला, तर तिने पुस्तकातलं अख्खं प्रकरण उपटून टाकलं. पुस्तक रखडलं आणि मागून आलेले प्राध्यापक होऊन मिरवायला लागले. शेवटी हिची पाळी आली. निवड समितीसमोर, भरल्या सभागृहात भाषण द्यायचं, ते जमलं तर बढती, नाहीतर बसा पुन्हा वाट बघत.

मी लेकाला घेऊन पहिल्या रांगेत ठाण मांडलं. समितीचे अध्यक्ष लिंबू चोखून आल्यासारखे बसलेले. सूनबाई मात्र झकास बोलत होती. बोलता बोलता म्हणाली, "एका मुलीला भावंडं सांभाळायला शाळेतून काढलं. ती रडत रडत घरी गेली..."

मी कान टवकारले. ही तर मीच!

तेवढ्यात तिने हातातला कागद खाली ठेवला. "माफ करा, ही गोष्ट जिची, तिला मी विचारलंच नाही. घरचीच म्हणून राहून गेलं."

"अहो, पुढे चला," अध्यक्ष म्हणाले.

"नाही सर. माझं सगळं काम या विचारण्यावरच उभं आहे. आई, सांगू का पुढे?"

सगळं सभागृह माझ्याकडे वळलं. लेकाने गुडघ्यात डोकं घातलं. मी पदर खोचून उभी राहिले.

"सांग की! पण खोटं नको सांगूस. रडते कसली? न्यायला आलेल्या काकाच्या हाताला कडकडून चावले मी!"

सभागृहात हशा पिकला. लिंबूवाले अध्यक्ष पुढे सरकले. "मग हो, आजी?"

"मग काय! मी बाकाला मिठी मारली. काकाने माझे पाय ओढले, तर बाकही आला दारापर्यंत! मास्तर ओरडतायत, 'पोरगी न्या, बाक ठेवा!'"

अध्यक्षांनी चष्मा काढून डोळे पुसले. सूनबाई हसून हसून मंचावरच वाकली. कसाबसा श्वास सावरत म्हणाली, "आई, 'रडली' खोडून 'चावली' करू?"

"कर. आणि मोठ्या अक्षरात."

पुढचं भाषण तिने असं ठोकलं की टाळ्या थांबेनात. समिती आत गेली आणि मी नखं कुरतडत बसले. दार उघडलं आणि अध्यक्षांचा आवाज आला, "अभिनंदन, प्राध्यापकबाई!"

ती धावत आली आणि माझ्या गळ्यात पडली. "आई, रागावलात? जगाला विचारते आणि आज तुम्हालाच विसरले."

मी तिचे दोन्ही कान धरले. सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हटलं, "प्राध्यापक तू आज झालीस, पण मला गृहीत धरलंस म्हणजे सून मात्र पक्की झालीस! आता पुन्हा कुठल्या भाषणात मला रडवलंस तर याद राख, माझे दात अजून शाबूत आहेत."